ऑनलाइन ध्वनिचित्रफितींचे खासगी जतन

यूट्यूबसारख्या मंचांवरील ध्वनिमुद्रणे व चित्रफिती डाउनलोडर, ब्राउझरला जोडलेली साधने किंवा यूट्यूब-डीएल, वायटी-डीएलपी अशा आज्ञावली वापरून स्वतःकडे उतरवून ठेवण्याची पद्धत. पुण्यात संगीताचे रसिक, नाट्यकर्मी आणि चित्रपटाचे विद्यार्थी ती सर्रास वापरतात. पूर्वी मैफलींच्या कॅसेट हातोहात फिरत, आज फाइली व्हॉट्सॲपवर फिरतात.

जतनाची गरज या शहराला वेगळी सांगावी लागत नाही. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली पुण्यात सुरू झाले, तोवर बहुतेक मूकपट नष्ट झाले होते. दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ची पहिली आणि शेवटची रिळेच तिथे जपली आहेत. ऑनलाइन टाकलेलेही कायम राहत नाही. चॅनेल बंद झाले की त्यावरच्या दुर्मीळ मैफलीही जातात.

भारतीय कायदा अशा साधनांवर सरसकट बंदी घालत नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ चे कलम ५२ खासगी वापर, संशोधन, समीक्षा व वार्तांकनासाठी रास्त वापराची मुभा देते. २०१२ च्या दुरुस्तीने ती ध्वनिमुद्रणे आणि चित्रपटांनाही मिळाली. त्याच दुरुस्तीतील कलम ६५ए नुसार, हक्कभंगाच्या हेतूने नक्कल रोखणारे तांत्रिक संरक्षण तोडल्यास दोन वर्षांपर्यंत कैद व दंड होतो. यूट्यूबच्या सेवाशर्ती मंचाने दिलेल्या सोयीखेरीज डाउनलोडला मनाई करतात, पण शर्त मोडणे आणि गुन्हा करणे यांत फरक आहे. ऑक्टोबर २०२० मध्ये अमेरिकी ध्वनिमुद्रण उद्योगाच्या तक्रारीवरून आज्ञावली ठेवण्या-वाटण्याच्या गिटहब या मंचाने यूट्यूब-डीएल हटवली आणि नोव्हेंबरमध्ये परत ठेवली.

खरा नैतिक पेच प्रत पुढे पाठवताना उभा राहतो. अभ्यासासाठी ठेवलेली बंदिश आपल्या चॅनेलवर चढवून जाहिरातीचे पैसे घेणे हे जतन नव्हे. यात कलावंताचा विचार सर्वांत कमी होतो. गाण्याच्या कॉपीराइटहून वेगळा असा सादरकर्त्याचा हक्क कायद्यात आहे आणि तो ५० वर्षे टिकतो. तो गायकाइतकाच साथीच्या तबलजीचा आणि संवादिनीवादकाचाही असतो. कलम ३८बी नुसार सादरकर्ता म्हणून आपली ओळख दिली जावी, अशी मागणी त्यांना करता येते. तरीही फिरणाऱ्या फाइलींत बहुधा मुख्य गायकाचे नाव तेवढे उरते. साथीदार, ठिकाण, तारीख गळून पडते. मूळ दुव्यासह ही माहिती फाइलीसोबत नोंदवणे हे जतन करणाऱ्याचे पहिले कर्तव्य मानायला हवे, आणि कलावंताने वा वारसांनी हरकत घेतल्यास प्रसार तात्काळ थांबवणे हे दुसरे.