स्त्री आर्किटेक्ट आणि नागरी विकास (पुणे व महाराष्ट्र)

पुण्यात कर्वेनगरला फक्त मुलींचं आर्किटेक्चर कॉलेज आहे, त्यामुळे बाई आर्किटेक्ट असणं इथे कोणाला नवल वाटत नाही. म्हणून या नोंदीत घर-बंगल्यांच्या प्रॅक्टिसबद्दल फारसं नाही. कोणी ऑफिस चालवलं, सरकारी खातं सांभाळलं, शहराचा किंवा वस्तीचा आराखडा मांडला, तेवढंच बघितलंय.

भारतातली 'पहिली' स्त्री आर्किटेक्ट कोण यावर मात्र लिहिणाऱ्यांचं एकमत नाही. पेरीन मिस्त्री यांनी मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून १९३६ ला डिप्लोमा घेतला आणि लगेचच वडिलांच्या डिचबर्न, मिस्त्री अँड भेदवार या फर्ममध्ये आल्या, पुढे पार्टनर झाल्या. उर्मिला युली चौधरी यांची पदवी सिडनीची, १९४७ ची, तरी 'आशियातली पहिली' असं बिरुद त्यांनाच लावलेलं बऱ्याच ठिकाणी सापडतं. साल बघितलं तर मिस्त्रींचं पारडं सरळ जड आहे. डिप्लोमा आणि पदवी वेगळी धरायची म्हटलं तर वाद थोडा उरतो खरा, पण त्या काळी जे. जे. चा डिप्लोमा घेऊनच मंडळी प्रॅक्टिस करायची, तेव्हा तो भेद फार ताणण्यात अर्थ नाही. त्यात १९४८ मध्ये ब्रिटिश आर्किटेक्टांच्या रॉयल इन्स्टिट्यूटची असोसिएट झालेली पहिली आशियाई स्त्री म्हणजे श्रीलंकेच्या मिनेट डी सिल्वा, त्यामुळे आशियाचं बिरुद जरा जपूनच वापरलेलं बरं.

या वादात चौधरींचं खरं मोठं काम मागे पडतं. १९५१ ला त्या चंदीगड हे नवं शहर आखणाऱ्या टीममध्ये आल्या आणि १९७० ते १९८१ या काळात आधी हरियाणा, मग चंदीगड, मग पंजाब असं तीनही ठिकाणी चीफ आर्किटेक्टचं पद सांभाळलं.

महाराष्ट्रात नगररचनेच्या बाजूने आर्किटेक्ट प्रवीणा मेहतांचं नाव घ्यायला हवं. खाडीपलीकडे नवी मुंबई वसवा ही कल्पना आर्किटेक्ट चार्ल्स कोरिया, इंजिनिअर शिरीष पटेल आणि मेहता या तिघांनी साधारण १९६४-६५ ला मांडली, ते शहर उभारणारं सरकारी महामंडळ, सिडको, आलं १९७० ला. कोरियांचं नाव सगळ्यांना माहीत असतं, मेहतांचं सांगावं लागतं.

पुण्यात गोष्ट सरकारी पदापेक्षा संस्थांमधून पुढे गेली. महर्षी कर्वे स्त्री शिक्षण संस्थेने १९९४ मध्ये भानुबेन नानावटी कॉलेज काढलं (वर म्हटलं ते हेच). साधारण त्याच सुमारास आर्किटेक्ट प्रतिमा जोशी आणि सहकाऱ्यांनी शेल्टर असोसिएट्स उभी केली. त्यांची पद्धत अशी की आधी घरोघरी सर्व्हे, मग ती माहिती जीआयएस (कॉम्प्युटरवरच्या) नकाशावर, म्हणजे कुठल्या गल्लीत ड्रेनेज लाइन आहे, कुठल्या घरात संडास नाही हे एकाच नकाशात दिसतं आणि महापालिकेशी बोलताना अंदाजपंचे काही राहत नाही. 'एक घर एक शौचालय' हा कार्यक्रम याच माहितीवर चालतो.

येरवड्यात वेगळीच तऱ्हा, तिथे पुढाकार आर्किटेक्ट नसलेल्या बायकांचा. केंद्राच्या जेएनएनयूआरएम (२००५) या शहरं सुधारण्याच्या योजनेतून महापालिकेने वस्त्यांची घरं मूळ जागीच बांधायचं ठरवलं, त्यातल्या काही वस्त्यांचं काम स्पार्क ही स्वयंसेवी संस्था आणि महिला मिलन ही वस्तीतल्या बायकांची संघटना यांच्याकडे आलं. आर्किटेक्ट प्रसन्न देसाई. पक्की घरं तशीच ठेवायची, कच्ची तेवढी पाडून साधारण २७० चौरस फुटांची नवी बांधायची, आणि खर्चाचा १० टक्के वाटा त्या कुटुंबाने भरायचा असा हिशोब होता.