अपीलाची मुदत निघून गेली? धारा ५ चा अर्ज कसा करायचा, काय कागद लागतात

निकाल विरुद्ध लागला, अपील करू करू म्हणता मुदत गेली, आता काय? इंदूरात आपल्याकडे हा प्रश्न बहुतेक वडिलोपार्जित घराच्या वाटणीत नाहीतर भाडेकरूच्या केसमधे येतो, एक भाऊ लोकमान्य नगरात, दुसरा पुण्यात, आणि वकिलाशी बोलायचं कोणी यावरच महिना जातो. तर लिमिटेशन अ‍ॅक्ट १९६३ (मुदतीचा कायदा) च्या धारा ५ मधे उशीर माफ करायची सोय आहे, पण हक्क म्हणून नाही, उशिराचं कारण कोर्टाला पटलं तरच.

आधी उशीर खरंच झालाय का ते मोजा, कारण बरेच जण उगाच घाबरतात. सिव्हिल जजच्या डिक्रीवर (निकालावरून निघणारा कोर्टाचा हुकूम) जिल्हा न्यायाधीशांकडे अपील ३० दिवसांत, जिल्हा न्यायाधीशांनी मूळ दावा चालवला असेल तर हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात ९० दिवसांत, सेकंड अपीललाही (जिल्हा न्यायाधीशांनी अपीलात दिलेल्या निकालावर हायकोर्टात) ९० दिवस. निकालाचा दिवस धरायचा नाही, आणि नकल (निकालाची प्रमाणित प्रत) मिळायला लागलेला वेळही वजा होतो (धारा १२). समजा निकाल २ जूनला लागला, ३० दिवस २ जुलैला संपतात, पण नकलेचा अर्ज १० जूनला दिला आणि नकल १९ जूनला तयार झाली तर हे १० दिवस सुटतात, म्हणजे १२ जुलैपर्यंत वेळ. नकलेवर अर्जाची तारीख आणि तयार झाल्याची तारीख लिहिलेली असते ती बघा, तयार नकल तुम्ही आठ दिवसांनी उचलली तर ते आठ दिवस तुमचेच गेले. शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर उघडेल त्या दिवशी दाखल केलेलं चालतं.

अर्ज कोणाला करता येतो? अपील करायचा हक्क आहे त्या कोणालाही. नवीन दावा लावायला उशीर झाला असेल तर मात्र धारा ५ कामाची नाही, डिक्रीच्या वसुलीतल्या म्हणजे सीपीसीच्या (दिवाणी प्रक्रिया संहिता) ऑर्डर २१ च्या अर्जांनाही नाही.

आता मुख्य गोष्ट, कारण. किती दिवस उशीर झाला यापेक्षा का झाला ते कोर्ट बघतं. सुप्रीम कोर्टाने १९९८ मधे ८८३ दिवस माफ केले, तिथे वकिलाने पक्षकाराला अंधारात ठेवलं होतं आणि त्याने त्या वकिलाविरुद्ध ग्राहक मंचात जाऊन भरपाईही मिळवली होती, म्हणजे नुसता बहाणा नव्हता. उलट २०२० मधे खुद्द मध्य प्रदेश सरकारचे ६६३ दिवस माफ झाले नाहीत, वर २५,००० रुपये कॉस्ट (खर्चाची रक्कम) बसली, कारण कागद मिळत नव्हते आणि सरकारी कामाला वेळ लागतो एवढंच सांगितलं होतं. आजारपण, अपघात, घरातला मृत्यू, निकाल झालाय हेच न कळणं, चुकून दुसऱ्याच कोर्टात अपील लावणं, ही कारणं चालतात, पण पुराव्यानिशी. ‘वकीलसाहेबांनी सांगितलंच नाही’ हे एक वाक्य लिहून मोकळं होऊ नका, तुम्ही कधी विचारलं आणि ते काय म्हणाले हेही लिहा, व्हॉट्सअ‍ॅपवर बोलणं झालं असेल तर ते जपून ठेवा.

मुदतीच्या आत का नाही केलं याचा रोजचा हिशोब द्यावा लागत नाही, शेवटच्या दिवसापासून दाखल करेपर्यंतचा द्यावा लागतो, हे रीवाच्या कोळसा कंपनीच्या केसमधे सुप्रीम कोर्टाने कधीच सांगून ठेवलंय. पण कारण मुदत संपायच्या आत सुरू झालेलं हवं, जुलैत मुदत संपली आणि ऑगस्टमधे पाय मोडला तर तो पाय कामाचा नाही.

कागद असे: अपील मेमो (अपीलाचा मूळ अर्ज), निकाल आणि डिक्रीची नकल, वकालतनामा, धारा ५ चा अर्ज, त्यासोबत शपथपत्र, आणि कारणाचे पुरावे. आजारपण असेल तर डिस्चार्ज कार्ड, तपासण्यांचे रिपोर्ट, औषधांची बिलं. ‘तीन महिने बेडरेस्ट’ असं लिहिलेला एकच कागद, तोही नंतर आणलेला, जज रोज बघतात. घरात मृत्यू असेल तर मृत्यू प्रमाणपत्र. पुण्या-नागपूरचे मराठी कागद असतील तर हिंदी भाषांतर जोडा, खालच्या कोर्टाचं काम हिंदीत चालतं. अर्जात तारीखवार लिहा, मधे पंधरा दिवस कोरे सुटले तर समोरचा वकील तिथेच बोट ठेवणार.

हा अर्ज अपीलासोबतच द्यायचा, सीपीसीच्या ऑर्डर ४१ रूल ३-ए मधे तसं आहे. मग समोरच्याला नोटीस जाते, तो जवाब देतो, आणि आधी उशिराचा फैसला होतो, अपील नंतर. आणि एक गोष्ट लोकांना माहीतच नसते, अपील ऐकायचं असं कोर्ट ठरवत नाही तोपर्यंत डिक्रीवर स्टे (स्थगिती) मिळत नाही, तेवढ्यात समोरचा वसुलीला किंवा कब्जा घ्यायला निघू शकतो, म्हणून स्टेचा अर्ज तयार ठेवा आणि लवकरची पेशी (सुनावणीची तारीख) मागा. माफी मिळाली तरी कधीकधी कॉस्ट भरायला लावतात, मुकाट्याने भरावी. जिल्हा कोर्टात अर्ज खारीज होऊन अपीलही गेलं तर हायकोर्टात सेकंड अपीलचा रस्ता असतो.

वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधिक सेवा प्राधिकरणात अर्ज द्या, महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि दिव्यांग यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, बाकी बहुतेकांना उत्पन्नाची अट आहे.