अक्षर कुठल्या स्वरावर? रेनेसाँच्या चर्चसंगीतातला मानवतावाद

लॅटिनमध्ये प्रभूला 'दोमिनुस' म्हणतात. आघात 'दो'वर, मधला 'मि' लघु, निसटता. तरी मध्ययुगीन चर्चगायनात अशाच आघात नसलेल्या मधल्या किंवा शेवटच्या अक्षरावर स्वरांची लांबलचक लड खुशाल येई आणि शतकानुशतकं ती कुणाला खटकली नव्हती. पंधराव्या-सोळाव्या शतकात, म्हणजे युरोपातल्या रेनेसाँच्या (प्राचीन ग्रीक-रोमन विद्येच्या पुनरुज्जीवनाच्या) काळात, ती खटकू लागली. का, हे कळलं की त्या काळातलं धार्मिक वृंदगान वेगळंच ऐकू येऊ लागतं.

मराठीत 'मानवतावाद' म्हटलं की माणुसकी, समता असं काही मनात येतं. इथला अर्थ बराच नेमका आहे. 'स्तुदिआ हुमानितातिस' हा इटलीतला एक अभ्यासक्रम होता: व्याकरण, वक्तृत्व, काव्य, इतिहास आणि नीतिशास्त्र. १४१६ मध्ये इटालियन विद्वान पोज्जो ब्राच्चोलिनीला सांक्ट गालेनच्या मठात प्राचीन रोमन शिक्षक क्विंतिलियानचा वक्तृत्वावरचा संपूर्ण ग्रंथ सापडला; १४२१ मध्ये इटलीत लोदी इथे रोमन वक्ता सिसेरोचा 'दे ओरातोरे' ('वक्त्याविषयी') पूर्ण हाती लागला. कुठलं अक्षर दीर्घ, कुठे थांबायचं, ऐकणाऱ्याचं मन कसं हलवायचं, याची चर्चा या ग्रंथांमुळे नव्याने सुरू झाली. ज्यांचे कान या लॅटिनवर तयार झाले, तेच धर्मगुरू आणि सरदार संगीतकारांचे आश्रयदाते होते. बदलाचं मूळ इथे आहे.

त्याआधीची स्थिती हस्तलिखितांत स्पष्ट दिसते. या वृंदगानात प्रत्येक 'आवाज' एकाच वेळी आपली वेगळी ओळ गातो. वरच्या आवाजाच्या स्वरांखाली शब्द ढोबळ अंतर ठेवून लिहिलेले, खालच्या आवाजांना बऱ्याचदा फक्त पहिले दोन-तीन शब्द. कुठलं अक्षर कुठल्या स्वरावर बसवायचं हे गायकाने अनुभवावरून ठरवायचं. संगीताचा सांगाडाही शब्दांवर अवलंबून नसे. संगीतकार द्युफेचं 'नुपेर रोझारुम फ्लोरेस' २५ मार्च १४३६ रोजी फ्लॉरेन्सच्या कॅथीड्रलच्या अर्पणविधीसाठी रचलेलं. त्याच्या चार भागांच्या लांबीचं प्रमाण ६:४:२:३ असं आहे. ही रचना भव्य आहे, पण तिचा आराखडा आकड्यांवर बेतलेला आहे, वाक्यांवर नाही.

पुढच्या पिढ्यांतल्या जोस्कँ दे प्रेच्या 'आवे मारिया, विर्गो सेरेना' या मोतेतात (लॅटिन धार्मिक मजकुरावरच्या वृंदरचनेत) हे उलटं होतं. व्हेनिसचा मुद्रक पेत्रुच्ची याने १५०२ मध्ये छापलेल्या मोतेतसंग्रहात ही रचना अगदी सुरुवातीला आहे. इथे शब्दांचा प्रत्येक तुकडा म्हणजे संगीताचा एक तुकडा. सुरुवातीला चारही आवाज वरून खाली एकामागून एक तेच शब्द त्याच सुरावटीत घेतात. मग जोड्या होतात: वरचे दोन, खालचे दोन. 'आवे वेरा विर्गिनितास'पाशी ताल तीन मात्रांचा होतो आणि आवाज जवळजवळ एकत्र चालतात. फक्त तेनोर, म्हणजे मधला पुरुषी आवाज, एका ठोक्याने मागे राहून वरच्या आवाजाची नक्कल करतो. शेवटी 'हे देवमाते, माझी आठवण ठेव' ही प्रार्थना चौघे लांब स्वरांत, एकाच वेळी म्हणतात. वैयक्तिक विनवणी आली की कलाकुसर थांबते. वक्तृत्वाचं पुस्तक वक्त्याला हेच शिकवतं.

जोस्कँचीच 'मिसेरेरे' ही रचना फेराराच्या दरबारात, १५०३-०४ च्या सुमारास झाली. पश्चात्तापाचं स्तोत्र, पाच आवाज. मूळचा फेराराचाच धर्मसुधारक साधू सावोनारोला १४९८ मध्ये फ्लॉरेन्समध्ये मारला गेला. त्याआधी तुरुंगात त्याने याच स्तोत्रावर चिंतन लिहिलं होतं. जोस्कँच्या रचनेमागे ते चिंतन आहे, असं अभ्यासक मानतात. एक तेनोर फक्त 'मिसेरेरे मेई देउस', म्हणजे 'देवा, माझ्यावर दया कर', एवढंच २१ वेळा म्हणतो. ती ओळ दोनच स्वरांत मावते. पहिल्या भागात ८ वेळा, दर वेळी एक पायरी खाली. दुसऱ्या भागात ८ वेळा वर. तिसऱ्यात ५ वेळा पुन्हा खाली. आकड्यांचा आराखडा इथेही आहे, पण तो आता वाक्याच्या सेवेत आहे.

जर्मनीत हाच विचार जवळजवळ प्रयोगशाळेत नेला गेला. कवी आणि अध्यापक कोन्राड केल्टिस प्राचीन रोमन कवी होरेस शिकवत असे. त्याचा शिष्य पेत्रुस त्रितोनिउस याने होरेसच्या वृत्तांना चार आवाजांच्या चाली लावल्या. त्या १५०७ मध्ये आउग्सबुर्गला छापल्या गेल्या. नियम सोपा: गुरू अक्षराला लांब स्वर, लघूला त्याच्या निम्मा, आणि चारही आवाजांत एकच अक्षर एकाच क्षणी. लगावली शिकलेल्या मराठी वाचकाला हे लगेच कळेल. होरेसच्या वृत्तांपैकी सॅफिक वृत्ताची ओळ अशी: गा ल गा गा गा ल ल गा ल गा गा. बाप्तिस्मा देणाऱ्या संत योहानाचं जुनं स्तोत्र, 'उत् क्वेआन्त् लाक्सिस् रेसोनारे फिब्रिस्', नेमकं याच वृत्तात आहे. त्याच्याच ओळींच्या तुकड्यांच्या पहिल्या अक्षरांवरून उत्-रे-मी ही स्वरनावं निघाली. संगीत म्हणून त्रितोनिउसच्या चाली कोरड्या आहेत, हे मान्य करायला हवं. पण शब्द पूर्णपणे ऐकू येण्याची किंमत किती, हे त्या अचूक मोजून दाखवतात.

शब्द हरवतात कसे, याचं कारण ध्वनिशास्त्रात आहे. मोठ्या दगडी चर्चमध्ये आवाज ६० डेसिबलने उतरायला ५ ते ८ सेकंद सहज लागतात. गाताना ताकद असते अ, आ, इ यांसारख्या स्वरवर्णांत. त, क, स ही व्यंजनं क्षीण आणि सेकंदाच्या दहाव्या भागाहूनही छोटी. पण शब्द ओळखू येतो तो व्यंजनांवरूनच. चार आवाज चार वेगळ्या अक्षरांवर असतील, तर एकाचं व्यंजन दुसऱ्याच्या 'आ'खाली आणि आधीच्या घुमाऱ्याखाली दबतं. चौघांनी व्यंजन एकदम उच्चारलं, तर तेवढ्या क्षणापुरता दुसऱ्या कुणाचा 'आ' त्यावर येत नाही आणि ते कानापर्यंत पोहोचण्याची शक्यता वाढते.

१५५८ मध्ये इटालियन संगीतशास्त्रज्ञ जोसेफ्फो झार्लिनोने शब्द बसवण्याचे १० नियम छापले. ते वृंदगायकाच्या रोजच्या कामाचे आहेत. दीर्घ अक्षर लांब स्वराला, ऱ्हस्व छोट्याला. जोडून लिहिलेल्या स्वरचिन्हांच्या गटाला एकच अक्षर, तेही पहिल्या स्वराखाली. स्वराची लांबी वाढवणाऱ्या टिंबाला नवं अक्षर द्यायचं नाही. सेमिमिनिमला, म्हणजे सेमिब्रेव्ह या लांब स्वराच्या चौथ्या भागाएवढ्या छोट्या स्वराला, सहसा अक्षर द्यायचं नाही. विरामानंतरच्या पहिल्या स्वराला मात्र अक्षर हवंच. पुन्हा म्हणायचं असेल तर अर्थ पूर्ण होणारा तुकडा म्हणायचा, सुटं अक्षर नाही. आणि शेवटचं अक्षर शेवटच्या स्वरावर. यातला सेमिमिनिमचा नियम मला सर्वांत शहाणा वाटतो: इतक्या जलद स्वरांवर दर वेळी नवं व्यंजन आलं की घुमाऱ्यात नुसता खडखडाट उरतो.

याच सुमारास कॅथलिक चर्चची त्रेंतची धर्मपरिषद (१५४५ ते १५६३) भरली. तिने बहुस्वरी संगीतावर बंदी घातली नाही; उच्छृंखल काही नको, एवढंच तिचं म्हणणं. पण २८ एप्रिल १५६५ रोजी रोममध्ये कार्डिनल वितेल्ली यांच्या घरी पोपच्या गायकांना काही मिस्सा (चर्चच्या मुख्य उपासनेतल्या ठरावीक प्रार्थनांच्या चाली) गायला लावून शब्द कळतात का हे तपासलं गेलं. संगीतकार पालेस्त्रीनाच्या 'मिस्सा पापे मार्चेल्ली'ने तेव्हा चर्चसंगीत वाचवलं ही कथा फार लाडकी आहे, पण तिला भक्कम आधार नाही. १५६७ मध्ये छापलेली ही मिस्सा स्वतःच जास्त बोलकी आहे. सहा आवाज. मिस्साच्या 'कीरिए' या पहिल्या प्रार्थनेत शब्द मोजकेच आणि सर्वांना पाठ, म्हणून तिथे पालेस्त्रीना आवाज एकमेकांमागून मनसोक्त फिरवतो. 'ग्लोरिया' आणि 'क्रेदो' या पुढच्या प्रार्थनांचा मजकूर लांब, तिथे तो एका अक्षराला बहुधा एकच स्वर देतो आणि सहापैकी तीन-चार आवाजांचे गट आळीपाळीने एकत्र बोलवतो. गट बदलत राहिल्याने रंग बदलतो आणि कंटाळा येत नाही. त्रितोनिउसला न सुटलेलं कोडं इथे सुटलं.

हाच आग्रह जुन्या एकस्वरी गायनावर लादला गेला तेव्हा मात्र नुकसान झालं. १५७७ मध्ये पोप तेराव्या ग्रेगरीने पालेस्त्रीना आणि दुसरा संगीतकार झोइलो यांना जुन्या चालींतली 'रानटी' वळणं काढायला सांगितलं. ते काम तेव्हा अर्धवट राहिलं. पुढे इतरांच्या हातून १६१४-१५ मध्ये रोमच्या मेदिची छापखान्यातून संपादित आवृत्ती निघाली. तिच्यात आघात नसलेल्या अक्षरांवरच्या लडी कापल्या किंवा आघाताच्या अक्षरावर सरकवल्या. पण त्या लडी व्याकरणाची चूक नव्हत्या; अक्षर हलकं म्हणूनच तिथे स्वराला मोकळं फिरता येई. १९०८ च्या व्हॅटिकन आवृत्तीत त्या परत आल्या.

आज हे संगीत बसवणाऱ्या वृंदाची सर्वांत नेहमीची चूक मात्राखंडांच्या उभ्या रेघांतून येते. मूळ छापील पुस्तकांत प्रत्येक आवाजाची ओळ वेगळी छापलेली असे, बऱ्याचदा स्वतंत्र वहीतच, आणि त्यात या रेघा नसत. आधुनिक संपादक सोयीसाठी त्या घालतो आणि गायक नकळत रेघेनंतरच्या स्वरावर जोर देतो. तिथे 'नुस' आलं तर 'दोमिनुस'चा आघात शेवटी जातो. म्हणून आधी मजकूर गद्यात मोठ्याने वाचावा आणि प्रत्येकाने आपल्या ओळीत आघाताच्या अक्षरांवर पेन्सिलने खूण करावी. दुसऱ्या वाचनात फक्त शब्द, तालात, सूर न लावता. आवृत्तीत तिरप्या अक्षरांत छापलेले शब्द बहुधा संपादकाने भरलेले असतात. ते जिभेवर अडखळत असतील तर झार्लिनोचे नियम समोर ठेवून दुसरीकडे बसवून पाहायला हरकत नाही. आणि 'देउस'मधला शेवटचा 'स' कुठल्या ठोक्यावर सोडायचा हे सर्वांनी मिळून ठरवून लिहून ठेवावं. बारा जणांनी तो बारा वेगवेगळ्या क्षणी सोडला, तर घुमाऱ्यात नुसता फुत्कार ऐकू येतो.