‘स्वेच्छेने’ म्हटलं तरी गुन्हाच

‘जबरदस्ती नसेल तर सती जाणं गुन्हा नाही, आणि सतीचा गौरव ही तर श्रद्धा,’ असा मेसेज वर्षानुवर्षं फिरतो. हे खरं नाही. १९८७ च्या सती प्रतिबंध कायद्याची व्याख्याच सांगते: विधवेची इच्छा असो वा नसो, तिला जिवंत जाळणं किंवा पुरणं म्हणजे सती. ‘याने पतीला पुण्य लाभेल’ असं तिच्या मनावर बिंबवणं हीसुद्धा चिथावणीच. सती घडल्यास चिथावणी देणाऱ्याला शिक्षा जन्मठेप किंवा फाशी. दुःखात बुडालेल्या बाईची ‘इच्छा’ कशी घडवली जाते, हे कायद्याने नेमकं ओळखलंय. मिरवणूक, वर्गणी, मंदिर बांधणं, समर्थन यांनाही १ ते ७ वर्षं कैद आणि दंड. कलम २, ४ आणि ५ स्वतः वाचा; केंद्र सरकारच्या कायदेविषयक संकेतस्थळावर मूळ मजकूर मोफत मिळतो.