मिठामागे जाणारे पाणी

फ्युरोसेमाइड, टोर्सेमाइड, ब्युमेटानाइड ही नावे, घरात कोणाला हृदयाचा किंवा मूत्रपिंडाचा जुनाट आजार असेल, तर लवकरच परिचयाची होतात. त्यांना सरसकट ‘लघवीची गोळी’ म्हटले जाते आणि ही गोळी अंगात साचलेले पाणी ओढून काढते, असे समजले जाते. परिणाम पाहता ते खरेच वाटते; प्रत्यक्षात मात्र या औषधांचा पाण्याशी थेट संबंध येत नाही. मूत्रपिंडातील मिठाची एक वाट ती बंद करतात, रक्तात परतले असते ते मीठ लघवीत राहते आणि पाणी त्याच्यामागून बाहेर जाते. या औषधांचा झपाटा, त्यांचे धोके आणि डॉक्टरांचा मीठ कमी खाण्याचा आग्रह या तिन्हींचे मूळ या एकाच गोष्टीत आहे.

निरोगी माणसाची मूत्रपिंडे दिवसाला सुमारे १८० लिटर द्रव रक्तातून गाळतात आणि त्या द्रवात जवळपास दीड किलो मीठ असते. लघवी होते ती दीड-दोन लिटर आणि तिच्यातून मीठ जाते ते काही ग्रॅम. बाकीचे सगळे परत मिळवण्याचे काम नेफ्रॉन नावाच्या अतिसूक्ष्म नळ्या करतात. प्रत्येक मूत्रपिंडात त्या साधारण दहा लाख असतात. नळीचा पहिला भाग सुमारे ६५ टक्के सोडियम परत घेतो, पुढचा वळणाचा भाग सुमारे २५ टक्के, त्यानंतरचा सुमारे ५ टक्के, आणि उरलेल्याचा हिशेब शेवटच्या संग्राहक नलिकेत होतो. फ्युरोसेमाइडसारखी औषधे यांतील दुसऱ्या ठिकाणी, म्हणजे वळणाच्या भागात काम करतात, म्हणून त्यांना लूप (वळण) मूत्रल, म्हणजे लघवी वाढवणारी, औषधे म्हणतात.

हे वळण १८६२ मध्ये जर्मन शरीररचनाशास्त्रज्ञ याकोब हेन्ले यांनी वर्णिले, म्हणून त्याला हेन्लेचा पाश म्हणतात. नळी मूत्रपिंडाच्या गाभ्यात खोल उतरते, तेथे वळते आणि पुन्हा वर येते. वर येणाऱ्या जाड भिंतीच्या भागाचे वैशिष्ट्य असे की, त्यातून मीठ बाहेर काढले जाते, पण भिंत पाण्याला अजिबात पार होऊ देत नाही. त्यामुळे नळीतील द्रव पातळ होत जातो आणि भोवतीचा गाभा खारट. गाभ्याच्या तळाशी हा खारटपणा रक्ताच्या सुमारे चौपट होऊ शकतो. पुढे संग्राहक नलिका याच खारट प्रदेशातून जाते आणि तिच्यातील पाणी तो खारटपणाच शोषून घेतो. दिवसभर पाणी मिळाले नाही, तरी शरीर घट्ट लघवी करून पाणी वाचवू शकते, ते या रचनेमुळे. निसर्गाच्या इतक्या देखण्या रचना मला फार थोड्या ठाऊक आहेत.

हे मीठ उचलण्याचे काम एनकेसीसी-२ नावाचे वाहक प्रथिन करते. ते एका खेपेत सोडियमचा एक, पोटॅशियमचा एक आणि क्लोराईडचे दोन आयन नळीतून पेशीत घेते. लूप मूत्रल औषधाचा रेणू या प्रथिनाला क्लोराईडच्या जागेपाशी चिकटतो आणि खेपा थांबतात. याचा परिणाम दुहेरी होतो. एकीकडे परत न घेतलेले मीठ नळीतच राहते आणि आपल्यासोबत पाणी धरून ठेवते; दुसरीकडे गाभ्याचा खारटपणा ओसरतो, त्यामुळे पुढच्या नलिकेतून पाणी ओढणारे बळच उरत नाही. गाळलेल्या सोडियमपैकी २० ते २५ टक्क्यांपर्यंतचा वाटा ही औषधे बाहेर घालवू शकतात. इतर कोणत्याही प्रकारच्या मूत्रल औषधाला हे साधत नाही.

औषध तेथे पोहोचते कसे, हेही पाहण्यासारखे आहे. फ्युरोसेमाइडचा ९५ टक्क्यांहून अधिक भाग रक्तातील अल्ब्युमिन या प्रथिनाला बांधलेला असतो, म्हणून तो गाळणीतून जवळजवळ जातच नाही. नळीच्या पहिल्या भागातील पेशी त्याला रक्तातून उचलून नळीत सोडतात, आणि मग तो द्रवाबरोबर वाहत जाऊन एनकेसीसी-२ ला आतल्या बाजूने भेटतो. मूत्रपिंड निकामी होत आले असेल, तर ही उचल मंदावते आणि तोच परिणाम मिळवण्यासाठी अधिक मात्रा लागते. शिवाय नळीत एका ठरावीक पातळीपर्यंत औषध पोहोचेपर्यंत फारसे काहीच घडत नाही आणि एका मर्यादेनंतर ते वाढवून काही मिळत नाही. म्हणून ज्या मात्रेने लघवी वाढतच नाही, ती दिवसातून अनेकदा देण्यापेक्षा एका वेळची मात्रा वाढवणे योग्य ठरते.

फ्युरोसेमाइड १९६० च्या दशकात वापरात आले. त्याआधीची काही दशके सूज उतरवण्यासाठी पाऱ्याच्या संयुगांची इंजेक्शने दिली जात. उपदंशावरील पारायुक्त औषध दिल्यावर लघवी प्रचंड वाढते, हे १९१९ मध्ये व्हिएन्नातील एका रुग्णालयात ध्यानात आले होते. पारा विषारी आहे हे माहीत असूनही तो वापरावा लागत होता, यावरून त्या काळच्या रुग्णांची निकड समजते.

आज या औषधांचा सर्वांत मोठा उपयोग हृदय अकार्यक्षम होते तेव्हा होतो. हृदयाची रक्त पुढे ढकलण्याची शक्ती कमी झाली, की मूत्रपिंडांना रक्तपुरवठा कमी पडतो, आणि शरीरात रक्तच कमी आहे अशा समजुतीने ती मीठ व पाणी साठवू लागतात. साठलेले पाणी पायांवर सूज आणते आणि पुढे फुफ्फुसांत उतरते. रुग्णाला आडवे झोपता येत नाही, तो उठून बसतो आणि श्वासासाठी धडपडतो. अशा वेळी शिरेतून दिलेल्या फ्युरोसेमाइडने साधारण पाच मिनिटांत लघवी वाढू लागते आणि अर्ध्या तासात परिणाम शिगेला पोहोचतो. तोंडाने घेतलेल्या गोळीला यापेक्षा वेळ लागतो. शिवाय फ्युरोसेमाइडच्या गोळीतील औषध रक्तात किती पोहोचेल, याचा भरवसा नसतो. सरासरीने निम्मे पोहोचते, पण व्यक्तीनुसार हे प्रमाण १० पासून १०० टक्क्यांपर्यंत बदलते. टोर्सेमाइड आणि ब्युमेटानाइड यांचे शोषण बरेच खात्रीचे आहे. असे असूनही, रुग्णालयात दाखल झालेल्या २,८५९ हृदयरुग्णांवर केलेल्या आणि २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत टोर्सेमाइड व फ्युरोसेमाइड घेणाऱ्यांच्या मृत्युदरात फरक आढळला नाही. ही औषधे त्रास कमी करण्यात अतुलनीय आहेत. मूळ आजार बरा करण्याचे काम त्यांचे नाही आणि त्यासाठी दिलेली इतर औषधे या गोळीच्या भरवशावर सोडू नयेत.

यकृताच्या सिरोसिसमुळे (यकृत कठीण व निकामी होत जाण्याने) झालेल्या जलोदरात, म्हणजे पोटात पाणी साठल्यावर, फ्युरोसेमाइड सहसा स्पायरोनोलॅक्टोन या पोटॅशियम राखणाऱ्या मूत्रल औषधाच्या जोडीने देतात. लघवीतून प्रथिने जाण्याच्या विकारातील सुजेवर आणि मूत्रपिंडाच्या जुनाट आजारात साठलेल्या द्रवावरही ही औषधे उपयोगी पडतात.

त्यांचे दुष्परिणाम त्याच बंद वाटेतून उद्भवतात. एनकेसीसी-२ चालू असताना पेशीत आलेले पोटॅशियम पुन्हा नळीत झिरपते, त्याने नळीत धन विद्युतभार निर्माण होतो आणि तो भार कॅल्शियम व मॅग्नेशियमला रक्ताकडे ढकलतो. वाहक थांबला, की हा रेटाही जातो आणि दोन्ही क्षार लघवीतून वाहून जातात. थायझाइड गटातील मूत्रल औषधे याउलट कॅल्शियम राखतात. पोटॅशियमची हानी मुख्यतः पुढच्या भागात होते, कारण तेथे लोंढ्याने आलेले सोडियम परत घेताना त्याच्या बदल्यात पोटॅशियम सोडले जाते. पोटॅशियम फार उतरले, तर अशक्तपणा येतो, पायांत गोळे येतात आणि हृदयाचे ठोके अनियमित होऊ शकतात. डिगॉक्सिन हे हृदयाचे औषध घेणाऱ्यांना हा धोका अधिक असतो. युरिक आम्ल वाढून गाउटचा, म्हणजे सांधा सुजून दुखण्याचा, झटकाही येऊ शकतो. आतल्या कानातील द्रवाचे क्षारसंतुलन राखणारे एक वाहक प्रथिन याच कुळातले आहे, त्यामुळे मोठी मात्रा शिरेतून वेगाने दिल्यास किंवा जेंटामायसिनसारख्या प्रतिजैविकाच्या जोडीने दिल्यास कानात आवाज येणे, ऐकू कमी येणे असे त्रास उद्भवतात. आयब्युप्रोफेनसारख्या वेदनाशामकांमुळे औषधाचा परिणाम घटतो, म्हणून ती स्वतःच्या मनाने घेऊ नयेत.

फ्युरोसेमाइडच्या गोळीचा परिणाम सहा तासांच्या आसपास टिकतो आणि तो संपताच मूत्रपिंडे हातचे गेलेले मीठ हिरिरीने राखू लागतात. त्या उरलेल्या तासांत खाण्यात भरपूर मीठ आले, तर सकाळी घालवलेले रात्रीपर्यंत भरून निघते आणि गोळी ‘लागू पडत नाही’ असे वाटते. महिनोन्महिने औषध चालू राहिले, की नळीचा पुढचा भाग जास्तीचे सोडियम शोषता शोषता स्वतः जाड होतो आणि परिणाम घटवतो. मग डॉक्टर त्या भागावर काम करणारे थायझाइड गटाचे औषध जोडीला देतात. ही जोडी इतकी प्रभावी असते की, काही दिवसांतच पोटॅशियम आणि सोडियम धोकादायक पातळीपर्यंत उतरू शकतात, म्हणून रक्ततपासणी वारंवार करावी लागते. घरी ठेवायची नोंद मात्र सोपी आहे. एक लिटर द्रव म्हणजे जवळपास एक किलो वजन, त्यामुळे रोज सकाळी लघवीनंतर आणि काही खाण्यापूर्वी केलेले वजन दोन-तीन दिवसांत दोन किलोंनी वाढले, तर घोट्यावर सूज दिसण्याआधीच ते डॉक्टरांना कळवता येते.