ग्रँडमा मोझेस आणि राल्फ फॅसनेला: दोघांच्या आठवणींत फरक कुठे?

ऑक्टोबर 1972 मध्ये 'न्यूयॉर्क' साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर राल्फ फॅसनेला झळकला. न्यूयॉर्क शहरातल्या ब्राँक्स भागात पेट्रोल पंपावर पोट भरणारा हा माणूस ग्रँडमा मोझेसनंतरचा सर्वोत्तम 'प्रिमिटिव्ह' (म्हणजे कलेचं रीतसर शिक्षण न घेतलेला) चित्रकार असू शकेल, अशा अर्थाची ओळ सोबत होती. त्याचं नाव झालं ते त्या ओळीमुळे. दोघांना एकाच पंक्तीत बसवण्याचा घोटाळाही तिथूनच रुजला.

वरवर साम्य आहेच. दोघेही कलाशाळेत न गेलेले, दोघांनाही शास्त्रशुद्ध पर्स्पेक्टिव्हचं, म्हणजे जवळचं मोठं आणि लांबचं लहान दाखवण्याच्या नियमांचं, सोयरसुतक नाही. कॅनव्हासभर मुंगीएवढी माणसं, आणि विषय म्हणजे मागे पडलेलं आयुष्य.

मोझेस (1860–1961) न्यूयॉर्क राज्यातली शेतकरी बाई. संधिवातामुळे भरतकाम जमेना, म्हणून सत्तरी ओलांडल्यावर ती चित्रांकडे वळली. वरून खाली रंगवायची: आधी आकाश, मग डोंगर, घरं, सगळ्यात शेवटी माणसं. ट्रॅक्टर आणि टेलिफोनचे खांब मात्र ती मुद्दाम गाळायची. तिच्या गावात भांडणं नाहीत, आणि असायलाच हवीत असंही नाही.

फॅसनेला (1914–1997) काहीच गाळत नाही. बाप इटलीहून आलेला बर्फवाला, घोडागाडीतून लाद्या घरोघर पोचवणारा. आई कपड्यांच्या कारखान्यात कामाला, आणि फॅसिझमविरोधी चळवळीतही. पोरगा मोठा होऊन कामगार संघटक झाला. 1945 च्या सुमारास बोटं दुखू लागली म्हणून त्याने पेन्सिल धरली, असं सांगतात. आणि मग 'आइसमन क्रुसिफाइड' (क्रुसावरचा बर्फवाला) ही मालिका: क्रुसावर खिळलेला बाप, डोक्याला काट्यांच्या मुकुटाऐवजी लादी उचलायचा चिमटा. इटालियन कॅथलिक वस्तीत वाढलेल्या माणसालाच हे सुचावं.

त्याच्या भाड्याच्या इमारतींची भिंत बऱ्याचदा कापलेली असते. बाहेरून विटा दिसतात आणि आत जेवणाचं टेबल, आई, शेजारीपाजारी. पाट्या, मथळे, घोषणा जिथे जागा मिळेल तिथे. सोव्हिएत हेरगिरीच्या आरोपावरून 1953 मध्ये देहदंड झालेल्या रोझेनबर्ग दांपत्यावरही त्याने चित्र काढलं. सिनेटर मॅकार्थीच्या कम्युनिस्टविरोधी मोहिमेच्या काळात हे धाडसाचंच होतं, कारण त्याचं स्वतःचं नावही काळ्या यादीत होतं.

म्हणून चित्र कोणाचं हे ओळखायचं तर आधी भिंती वाचाव्यात. मोझेसच्या चित्रात ऋतू कोणता ते लगेच कळतं, साल सहसा कळत नाही. फॅसनेलाच्या चित्रात साल, मालक आणि संप सापडतात.

'प्रिमिटिव्ह' शब्दाने त्याच्यावर जास्त अन्याय केला असं मला वाटतं. त्या शब्दामागे अभ्यास झाकला जातो. मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या लॉरेन्स इथल्या 1912 च्या गिरणी संपाची चित्रं करायला तो सत्तरच्या दशकात त्या गावात जाऊन राहिला, वायएमसीएच्या वसतिगृहातल्या खोलीत. म्हाताऱ्या कामगारांना बोलतं केलं, ग्रंथालयात जुने कागद चाळले. हा संप त्याच्या जन्माआधीचा, म्हणजे त्याच्या आठवणीतला नव्हताच. दुसऱ्यांच्या आठवणी गोळा करून त्याने तो उभा केला.

मोझेसची चित्रं बघायची तर व्हरमाँटमधलं बेनिंग्टन संग्रहालय गाठावं. फॅसनेलाचं 'फॅमिली सपर' न्यूयॉर्क बंदरातल्या एलिस बेटावर लावलेलं आहे, जिथे बोटीतून उतरलेल्या लाखो इटालियनांची नोंद झाली.