किंग ऑफ द रिंग

किंग ऑफ द रिंग ही अमेरिकेतील वर्ल्ड रेसलिंग फेडरेशन (डब्ल्यूडब्ल्यूएफ, मे २००२ पासून डब्ल्यूडब्ल्यूई) या व्यावसायिक कुस्ती कंपनीची बाद पद्धतीची स्पर्धा. स्पर्धा १९८५ मध्ये सुरू झाली. तिच्याभोवती बांधलेला त्याच नावाचा पे-पर-व्ह्यू कार्यक्रम १९९३ ते २००२ अशी सलग दहा वर्षे दर जूनमध्ये झाला. जिंकणाऱ्याला मुकुट, झगा आणि राजदंड देऊन सिंहासनावर बसवतात. काही विजेत्यांनी पुढे वर्षभर हे राजेपण मिरवले, काहींनी दुसऱ्याच दिवशी मुकुट उतरवून ठेवला.

पे-पर-व्ह्यू म्हणजे एका रात्रीच्या एका कार्यक्रमासाठी केबल कंपनीला वेगळे पैसे मोजून तो घरी पाहणे. आपल्याकडे नव्वदच्या दशकात हीच कुस्ती नेहमीच्या केबलवर दिसे, आणि पोरे ब्रेट हार्ट किंवा अंडरटेकरची उंची, वजन, बायसेप्स ट्रम्प कार्डांवरून पाठ करत. त्यामुळे अमेरिकन प्रेक्षक या एका रात्रीसाठी खिशात हात घालतो, ही गोष्ट इथे फारशी कुणाच्या लक्षातच आली नाही. कंपनीचे सगळे गणित मात्र त्यावरच बसलेले होते. आठवड्याच्या टीव्ही कार्यक्रमात भांडण पेटवायचे आणि त्याचा निकाल पैसे भरणाऱ्याला दाखवायचा.

आखाड्याच्या भाषेत सांगायचे तर ही सगळी नुरा कुस्ती. कोण जिंकणार हे आधी ठरलेले असते. तालमीच्या जगात नुरा हा शब्द शिवीसारखा वापरतात. इथे तो उघड धंदा आहे, आणि प्रेक्षकालाही ते ठाऊक असते. मग ज्या स्पर्धेचा निकाल ठरलेला आहे, ती घ्यायची कशाला? मराठी क्रीडापानांवर ड्रॉला ‘भाग्यपत्रिका’ म्हणतात. हा शब्द इथे जितका चपखल बसतो तितका विम्बल्डनलाही बसत नाही, कारण इथे प्रत्येकाचे भाग्य कुणीतरी खरोखरच लिहून ठेवलेले असते. चौकटींचा तो तक्ता लेखकांना आयती कारणे पुरवतो. दोन मल्लांचे एकमेकांशी काही वैर नसले तरी ते समोरासमोर का आले, हे सांगावे लागत नाही. एकाच रात्री तीन कुस्त्या खेळलेला माणूस थकलेला का, हेही सांगावे लागत नाही.

पहिली स्पर्धा ८ जुलै १९८५ रोजी मॅसॅच्युसेट्समधील फॉक्सबरो इथे झाली आणि डॉन मुराको जिंकला. ती टीव्हीवर दाखवण्यासाठी नव्हती. प्रत्यक्ष मैदानात येणाऱ्या गर्दीला एका तिकिटात भरपूर कुस्त्या दाखवण्याचा तो बेत होता. त्याच वर्षी ७ नोव्हेंबरला शिकागोजवळच्या रोझमाँटमध्ये कंपनीने ‘द रेसलिंग क्लासिक’ हा सोळा मल्लांचा स्पर्धात्मक पे-पर-व्ह्यू करून पाहिला. त्यात जंकयार्ड डॉगने रँडी सॅव्हेजला हरवले. पण त्या कार्यक्रमाची पुनरावृत्ती झाली नाही. किंग ऑफ द रिंग मात्र १९९० आणि १९९२ वगळता चालू राहिली. १९८६ चा विजेता हार्ली रेस याने मुकुट इतक्या गांभीर्याने घेतला की ‘राजा’ हीच त्याची ओळख झाली. पुढे तो मुकुट स्पर्धेबाहेरच हाकू, जिम डगन आणि रँडी सॅव्हेज असा हातोहात फिरला.

१९९३ पर्यंत कंपनीचे दरवर्षीचे पे-पर-व्ह्यू चारच होते: रॉयल रंबल, रेसलमेनिया, समरस्लॅम आणि सर्व्हायव्हर सीरिज. १३ जून १९९३ रोजी ओहायोतील डेटनच्या नटर सेंटरमध्ये किंग ऑफ द रिंग पाचवा झाला. स्पर्धा कशी ‘लिहायची’ याचा तो आजही सर्वोत्तम नमुना आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत.

त्या रात्री उपांत्यपूर्व फेरीपासून सगळे पडद्यावर झाले. ब्रेट हार्टच्या वाट्याला तीन कुस्त्या आल्या. पहिल्या लढतीत रेझर रॅमोनने त्याला वरच्या दोरावरून मागे फेकायला उचलले. हार्ट हवेतच वळला आणि त्याच्याच अंगावर पडून जिंकला. दुसऱ्या लढतीत मिस्टर परफेक्टने त्याला गुंडाळून खांदे टेकवायचा प्रयत्न केला. हार्टने तो डाव उलटवला. दुसऱ्या बाजूला लेक्स ल्यूगर आणि टटांका यांची लढत पंधरा मिनिटांच्या मुदतीत सुटलीच नाही. दोघेही बाद झाल्याने बॅम बॅम बिगेलोला थेट अंतिम फेरीत पुढे चाल मिळाली. म्हणजे अंतिम लढतीत एका बाजूला दोन कुस्त्यांनी पिळून निघालेला मध्यम बांध्याचा हार्ट आणि दुसऱ्या बाजूला एकच कुस्ती खेळून ताजातवाना असलेला अगडबंब बिगेलो. बरोबरी झाली की कुणी दुबळे ठरत नाही आणि पुढच्याचे संकटही मोठे होते. एका दगडात हे दोन पक्षी मारणे बाद पद्धतीतच शक्य आहे. अंतिम लढतीत हार्ट एकदा चितही झाला, पण बिगेलोची साथीदार लूना व्हॅशॉनने त्याच्यावर खुर्ची मारल्याचे दुसऱ्या पंचाने येऊन सांगितले आणि कुस्ती पुन्हा सुरू झाली. शेवटी हार्टने बिगेलोच्या खांद्यांवर चढून त्याला लोळवत गुंडाळले. तीन कुस्त्या, तीन शेवट, आणि तिन्ही वेळा ताकदीपेक्षा अक्कल वरचढ. राज्याभिषेक सुरू असताना जेरी लॉलरने येऊन त्याला राजदंडाने बदडले. मुळात ‘राजा’ ही उपाधी आपली, हा त्याचा दावा. पुढच्या कित्येक महिन्यांचे भांडण तिथल्या तिथे तयार झाले. त्याच कार्यक्रमात योकोझुनाने हल्क होगनकडून कंपनीचे मुख्य विजेतेपद (ते या मुकुटापेक्षा वेगळे) काढून घेतले, तरी लोकांच्या आठवणीत रात्र राहिली ती हार्टची.

हेच साधन हातात धड पेलता आले नाही तर काय होते, ते १९९५ ने दाखवले. फिलाडेल्फियात शॉन मायकल्स आणि कामा यांची लढत अशीच पंधरा मिनिटांत बरोबरीत सुटली, पुढे चाल महाकाय मेबलला मिळाली आणि अंतिम फेरीत त्याने साव्हिओ व्हेगाला हरवले. इथे आराम मिळालेला धिप्पाड मल्लच जिंकला. प्रेक्षकांनी त्याच शहरातल्या प्रतिस्पर्धी कंपनीच्या, ईसीडब्ल्यूच्या, नावाचा गजर केला.

२३ जून १९९६ ची मिल्वॉकीतली रात्र सर्वांत प्रसिद्ध आहे आणि ती अपघातानेच घडली. त्या वर्षी मुकुट ट्रिपल एचला द्यायचे ठरत होते. पण १९ मे रोजी न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये, कंपनी सोडून जाणाऱ्या केव्हिन नॅश आणि स्कॉट हॉल यांना निरोप देताना तो आणि शॉन मायकल्स रिंगमध्ये सगळ्यांदेखत त्यांच्या गळ्यात पडले. रिंगमध्ये नायक-खलनायक म्हणून भांडणाऱ्यांनी प्रेक्षकांसमोर अशी मिठी मारणे तेव्हा धंद्याचा बट्ट्याबोळ मानले जाई. मायकल्सकडे तेव्हा कंपनीचे मुख्य विजेतेपद होते, दोघे जाणारच होते, म्हणून शिक्षा एकट्या ट्रिपल एचला झाली. मुकुट गेला स्टीव्ह ऑस्टिनकडे. उपांत्य लढतीत मार्क मेरोकडून ओठ फाटल्याने ऑस्टिन दवाखान्यात टाके घालून आला आणि अंतिम लढतीत त्याने जेक रॉबर्ट्सला हरवले. रॉबर्ट्स तेव्हा बायबलची वचने सांगणाऱ्या पश्चात्तापदग्ध माणसाच्या भूमिकेत होता. सिंहासनाजवळच्या मुलाखतीत ऑस्टिनने त्याच्या योहान ३:१६ ची खिल्ली उडवत स्वतःचे ‘ऑस्टिन ३:१६’ जाहीर केले. पुढे ते शब्द काळ्या टी-शर्टवर छापून अफाट खपले. मुकुटाचे म्हणाल, तर ऑस्टिनने तो कधी मिरवलाच नाही. ट्रिपल एचला त्याचा मुकुट वर्षभराने मिळाला.

१९९८ मध्ये पिट्सबर्गला केन शॅमरॉकने द रॉकला हरवून स्पर्धा जिंकली. हे फार कमी जणांना आठवते, कारण त्याच कार्यक्रमात अंडरटेकरने मॅनकाइंड अर्थात मिक फॉलीला सुमारे सोळा फूट उंच पिंजऱ्याच्या माथ्यावरून समालोचकांच्या टेबलावर फेकले होते. नंतर पिंजऱ्याचे छत तुटून तो आत रिंगमध्ये कोसळला, तेही ठरलेले नसताना. निकाल ठरलेला असला तरी पडणे खरेच असते, हे त्या रात्री नवख्यांनाही कळले.

पुढचे विजेते बिली गन, कर्ट अँगल, एज आणि २००२ मध्ये ब्रॉक लेस्नर. लेस्नरच्या वेळी मुकुटाबरोबर ठोस काही मिळाले: समरस्लॅममध्ये कंपनीच्या मुख्य विजेतेपदाची लढत. तिथे त्याने द रॉकला हरवले आणि पंचविसाव्या वर्षी कंपनीचा सर्वांत तरुण विजेता ठरला. नेमका इथेच हा पे-पर-व्ह्यू बंद झाला. २००३ च्या जूनमध्ये त्याच्या जागी ‘बॅड ब्लड’ आला.

त्यानंतर स्पर्धा अधूनमधून इतर कार्यक्रमांत डोकावत राहिली. २००६ मध्ये जिंकलेल्या बुकर टीने खोट्या इंग्रजी उच्चारांसकट ‘किंग बुकर’ उभा केला. तो या साऱ्या राजांमधला सर्वांत रंगतदार म्हणायला हरकत नाही. २०२१ मध्ये झेवियर वूड्स जिंकला, आणि त्याच दिवशी स्त्रियांच्या स्वतंत्र स्पर्धेत झेलिना व्हेगा राणी झाली. २५ मे २०२४ रोजी सौदी अरेबियातील जेद्दा इथे ‘किंग अँड क्वीन ऑफ द रिंग’ या नावाने स्वतंत्र कार्यक्रम परतला. निया जॅक्स राणी झाली. पुरुषांच्या अंतिम लढतीत गुंथरने रँडी ऑर्टनला चित केले खरे, पण पंचाने तीन मोजले तेव्हा ऑर्टनचा एक खांदा जमिनीवर नव्हता आणि कॅमेऱ्याने ते टिपले. कंपनीने ती चूक लपवली नाही. उलट पुढच्या कथेत ओढून घेतली. पुढच्या वर्षी अंतिम लढती रियाधच्या ‘नाइट ऑफ चॅम्पियन्स’मध्ये झाल्या आणि ऑर्टन पुन्हा अंतिम फेरीत हरला, या वेळी कोडी ऱ्होड्सकडून.